खंबा-थोइबीचा शेवट वेगळा आहे

खंबा-थोइबी या मणिपुरी प्रेमकथेतल्या जोडीला कुणी 'मणिपूरचे हीर-रांझा' म्हटलं, की त्यात थोडी भर घालावीशी वाटते. मणिपूरमधल्या मोइरांगची ही कथा शेवटी फार वेगळं वळण घेते. थोइबी राजघराण्यातली, खंबा अनाथ, मोठी बहीण खाम्नूने कष्टाने वाढवलेला. बाप थोइबीला कबो खोऱ्यात हद्दपार करतो, खंबाचा प्रतिस्पर्धी नोंगबान डाव टाकतो, तरी दोघांचं लग्न होतं. घात होतो तो त्यानंतर. बायकोची निष्ठा पाहायला खंबा रात्री परका पुरुष बनून दाराशी येतो. ती आतून भाला चालवते आणि नवराच गेला हे कळताच त्याच भाल्याने स्वतःला संपवते. शत्रू हरल्यानंतर संशयाने घर मोडावं, हे मला विरोध करणाऱ्या आईबापांच्या गोष्टींपेक्षा कितीतरी धीट वाटतं.

पेना या तंतुवाद्याच्या साथीने गायली जाणारी ही कथा मणिपुरी कवी हिजम अंगांगहल यांनी महाकाव्यात आणली. त्यांची 'जहेरा' ही कादंबरीही जरूर वाचा. त्यात हिंदू मैतेई तरुण आणि मुस्लिम मुलीचं प्रेम आहे. लमाबम कमल यांची 'माधवी' (१९३०) मात्र त्यागाकडे झुकते.