मदत हवी आहे: गृहकर्जाचा खरा खर्च कसा काढायचा?

दहिसरला वन बीएचके बघतोय, किंमत ८० लाख. ६० लाखांचं कर्ज, ८.५ टक्के फ्लोटिंग (म्हणजे पुढे बदलू शकणारा) व्याजदर, २० वर्षं. हप्ता साधारण ५२ हजार. बँकेतले साहेब "रेंट भरण्यापेक्षा बरं" म्हणून मोकळे झाले, पण गणित मांडल्यावर घाम फुटला. एकूण परतफेड जवळपास सव्वा कोटी, म्हणजे निव्वळ व्याज ६५ लाख. पहिल्याच हप्त्यातले ४२,५०० व्याजात, मुद्दल सुटणार फक्त साडेनऊ हजार!

वर ६ टक्के मुद्रांक शुल्क, नोंदणीचे ३० हजार, आणि सोसायटीचा मेंटेनन्स तर आयुष्यभर. शिवाय कर्जासोबत विमा गळ्यात मारतायत, त्याचा एकरकमी प्रीमियम कर्जातच जोडून. म्हणजे प्रीमियमवरही २० वर्षं व्याज? तो घ्यावाच लागतो का? की वेगळा टर्म प्लॅन (ठरावीक मुदतीचा साधा आयुर्विमा) घेऊन चालतं?

दुसरं, व्याजदर वाढला की हप्ता तोच ठेवून मुदत वाढवतात म्हणे. रिझर्व्ह बँकेच्या २०२३च्या सूचनेनुसार हप्ता वाढवायचा की मुदत, हे कर्जदाराला निवडता येतं. प्रत्यक्षात कुणी असा अर्ज दिलाय का? शाखेत दाद देतात का?

दरवर्षी एक जादा हप्ता भरला तर माझ्या हिशोबाने साडेतीन वर्षं वाचतात. तेवढेच पैसे एसआयपीत (म्युच्युअल फंडातल्या नियमित गुंतवणुकीत) टाकावेत, असं मेहुणे म्हणतात. ज्यांचं कर्ज निम्म्याच्या पुढे गेलंय, त्यांनी कृपया सांगा, तुम्ही काय केलंत?