अनुभव धागा: खानदेशातल्या लहान गावाचं शिवार आणि माणसं मोजताना

आपल्या गावाची माहिती लिहायला बसलं की बहुतेक जण "गाव नदीकाठी असून लोकसंख्या अमुक आहे" इथेच थांबतात. ती लोकसंख्या कुठल्या हद्दीतली आणि कुठल्या महिन्यातली, हे कोणी लिहीत नाही. जळगाव, धुळे, नंदुरबारकडच्या ज्यांनी गावाचा नकाशा, दप्तर किंवा मोजणी हाताळली आहे त्यांनी नेमकं सांगा. हजार-दोन हजार वस्तीची गावं डोळ्यांसमोर ठेवा.

अमळनेर

आधी "गाव" कशाला म्हणताय ते ठरवा. महसुली गाव, ग्रामपंचायत आणि वस्ती या तीन वेगळ्या गोष्टी आहेत. गट ग्रामपंचायतीत दोन-तीन महसुली गावं येतात, जनगणनेचा आकडा मात्र महसुली गावाचा असतो. पंचायतीच्या फलकावरचा आकडा आणि जनगणना पुस्तिकेतला आकडा जुळत नाही, त्याचं निम्मं कारण हेच.

दुसरी चूक नावाची. पिंपरी, वडगाव, सावखेडे या नावांची गावं आपल्याकडे ढिगानं आहेत. खुर्द की बुद्रुक, आणि नावापुढे "प्र." म्हणजे कुठला प्रगणे (परगणा, जुना महसुली विभाग), हे सोडलं की दुसऱ्याच गावाची माणसं आपल्या खात्यात येतात. 2011 च्या जनगणनेत प्रत्येक गावाला सहा आकडी कोड आहे, तो लिहून ठेवा आणि पुढचं सगळं त्यावरूनच शोधा.

घरं मोजायला ग्रामपंचायतीचा नमुना 8 घेतात. ती कर आकारणीची नोंदवही आहे. बंद घर, गोठा, दुकान, सगळं तिच्यात. जनगणनेत कुटुंब म्हणजे एका चुलीवर जेवणारी माणसं. एका वाड्यात तीन चुली असल्या तर कुटुंबं तीन.

साक्री

पांझराकाठच्या गावांचा सातबारा वाचताना एक गफलत होते. एकाच खातेदाराच्या नावावर चार ठिकाणी छोटे-छोटे तुकडे दिसतात आणि वाचणारा म्हणतो, वाटण्यांनी जमीन फाटली. वाटण्या झाल्याच आहेत, पण मूळ कारण फड पद्धत. बंधाऱ्यावरून पाट निघतो, पाटाखालच्या ठरलेल्या क्षेत्राला थळ म्हणतात, आणि थळाचे तीन-चार फड पाडलेले असतात. एका फडात एकच पीक. यंदा ज्या फडात ऊस, तिथे पुढे दुसरं पीक फिरतं. प्रत्येकाला दरसाल प्रत्येक पिकाचा वाटा मिळावा म्हणून प्रत्येकाचं वावर प्रत्येक फडात ठेवलेलं. म्हणून सरासरी धारणा, म्हणजे दर शेतकऱ्यामागची जमीन, काढण्याआधी 8अ चा उतारा घ्या. त्यात खातेदाराची गावातली सगळी जमीन एकत्र दिसते. नुसते गट, म्हणजे सातबाऱ्यावरचे तुकडे, मोजले तर शेतकऱ्यांची संख्या तिप्पट होते.

फडाच्या गावाचा भूगोल लिहायचा तर बंधारा, पाट, थळाची हद्द आणि पाटकरी (पाटाचं पाणी सांभाळणारा) कोणाला म्हणतात, एवढं तरी आलंच पाहिजे. आज पाट बुजलेला असला तरी वावरांचे आकार त्यानंच ठरवलेले आहेत.

शिंदखेडा

आमच्या बाजूला शिवारात काळ्या दगडाच्या लांबच लांब भिंतीसारख्या रांगा दिसतात, साधारण पूर्व-पश्चिम जाणाऱ्या. त्या डाइक. लाव्ह्याच्या भेगांत खालून रस वर येऊन गोठलेला. जमिनीखालचं पाणी त्या अडवतात. एका अंगाच्या विहिरीला मार्चपर्यंत पाणी आणि पन्नास पावलांवरची दुसऱ्या अंगाची दिवाळीला कोरडी, असं त्यामुळे होतं. गावाच्या नकाशावर विहिरी टाकाल तेव्हा ही रांगही टाका. नाहीतर विहिरींची यादी वाचून काहीच कळत नाही.

रावेर

थोडक्यात. तापीच्या उत्तरेला गावाची ओळख सातपुड्यापासूनच्या अंतरानं करा. डोंगराच्या पायथ्याशी गोटे-वाळूचा थर आहे. सुकी, मोर यांसारख्या नद्यांचं पाणी तिथेच जिरतं आणि विहिरी खोल जातात. मध्ये सपाट गाळाची जमीन, केळीची. तापीजवळ पुन्हा घळ्यांनी कापलेली. गाव उंच काठावर, नदी खाली खोल. "नदीकाठचं गाव" म्हणजे पाण्याचं गाव असं धरू नका.

चोपडा

उजाड गावांबद्दल कोणी लिहिलं नाही. महसुली यादीत नाव आहे, शिवार आहे, सातबारे निघतात, पण जनगणनेत लोकसंख्या 0. जमीन शेजारच्या गावचे लोक कसतात. जुनी वस्ती ओळखायची तर पांढरी शोधा: आजूबाजूला काळी आणि मध्येच राखाडी, भुसभुशीत मातीचा उंचवटा, त्यात खापरं. चुलीची राख, शेण, पडलेल्या भिंतींची माती साचून ती झालेली असते. खत म्हणून लोक ती गाड्या भरून वावरात नेतात, तेवढं थांबलं पाहिजे. गावाचा सगळ्यात जुना पुरावा तोच आहे.

अक्राणी

वरचं सगळं एका ठिकाणी वसलेल्या गावाला लागू आहे. सातपुड्यात एक महसुली गाव म्हणजे चार-पाच डोंगरउतारांवर पसरलेले पाडे. घर ज्याच्या त्याच्या वावरात. "गावात शाळा आहे" या वाक्याला इथे अर्थ नाही. कुठल्या पाड्यात आहे, आणि दुसऱ्या पाड्यापासून मध्ये नाला किती, ते लिहा. यादी पाड्याचं नाव, घरं, पाण्याची जागा आणि पावसाळ्यात वाट बंद होते का, अशी करा. पेसाच्या (आदिवासी भागातल्या ग्रामसभांचा कायदा) 2014 च्या नियमांनी पाड्याला स्वतंत्र गाव म्हणून जाहीर करून घेता येतं, तेव्हा ही यादीच कामी येते.

नर्मदाकाठची 33 गावं सरदार सरोवराच्या बुडितात आली. त्यातली बरीच कुटुंबं तळोदा-शहाद्याच्या पुनर्वसन वसाहतींत आहेत. जुन्या गावाचं नाव आणि आजची वस्ती, दोन्ही लिहा.

तळोदा

सगळ्यात मोठी चूक महिन्याची. 2011 ची मोजणी 9 ते 28 फेब्रुवारीला झाली. त्या पूर्ण काळात जो घरी नव्हता तो जिथे सापडला तिथे मोजायचा, असा नियम. आमच्याकडची जोडपी दिवाळीनंतर ऊसतोडीला गुजरातेत जातात, लहान पोरं सोबत, आणि होळीला परततात. 2011 ची होळी 19 मार्चला होती. म्हणजे फेब्रुवारीत गावात राहिलेले म्हातारे आणि शाळकरी पोरं तेवढे गावाचे धरले गेले. आकडा खोटा नाही, हिवाळ्याचा आहे. पुढची मोजणीही फेब्रुवारी 2027 मध्येच आहे. म्हणून शेजारी पावसाळ्याचा आकडा स्वतः घ्या: ऑगस्टमध्ये चुलीमागे माणसं, त्यातली किती कोयत्यावर जातात, किती महिने.

साक्षरता काढतानाही जपा. 0 ते 6 वयाची मुलं वजा करूनच टक्का काढतात. 1,200 वस्ती, त्यात 150 लहान मुलं, साक्षर 735 असतील तर 735 भागिले 1,050, म्हणजे 70 टक्के. 1,200 नं भागलं तर 61 येतात आणि गाव उगाच मागे दिसतं.

अमळनेर

तळोद्याच्या मुद्द्यात भर: घनता काढताना गाव नमुना 1 मधलं क्षेत्र हेक्टरमध्ये असतं. 100 हेक्टर म्हणजे 1 चौरस किलोमीटर. वनक्षेत्र त्यात धरलं की नाही ते कंसात लिहा.