मदत हवी आहे: चंद्रावरच्या दगडाचं सूत हातमागावर चालेल का?

नमस्कार मंडळी. दिवाळी अंकासाठी कथा लिहितेय. त्यातली कंपनी (पूर्ण काल्पनिक, नावही अजून ठरलेलं नाही) चंद्रावर खाणकाम करते आणि त्या मालातून जादूचं कापड विणते. पौर्णिमेला साडी उजळते, अमावस्येला नेसणारीच दिसेनाशी होते, वगैरे. जादूचं मी निभावून नेईन. घोडं अडलंय ते सुतापाशी.

चंद्रावरचे काळे डाग म्हणजे बेसाल्टची मैदानं, आपल्या सह्याद्रीच्या दगडाचेच भाऊबंद. बेसाल्ट साधारण 1400-1500 अंश सेल्सियसला वितळवून बारीक छिद्रांतून ओढला की तंतू निघतात. पृथ्वीवर असं कापड खरोखर बनतं. अपोलोवीरांच्या पोशाखाचा बाहेरचा थरही काचतंतूंचाच होता. पण हे तंतू ताणाला दणकट, आणि घट्ट दुमडले की तुटणारे.

माझी नायिका येवल्याची, पैठणी विणणारी. ताणा (उभे धागे) रेशमाचा ठेवून बाणा (आडवे धागे) या सुताचा घेतला, तर रेशीम कापलं जाईल का? पदरावरचा मोर विणताना रंगागणिक सुताची वेगळी कांडी (गुंडाळी) असते आणि प्रत्येक रंगाच्या हद्दीवर सूत मागे वळतं. तिथेच तुटेल ना? की जरीसारखं रेशमाभोवती गुंडाळून घ्यावं?

कुणाच्या घरी माग असेल किंवा कुणी काचतंतूंच्या कारखान्यात काम केलं असेल, तर कृपया सांगा. बोटांना काय होतं, खाज येते का, हेही हवंय. ‘कथेत काय, काहीही चालतं’ हे उत्तर नको. ते नवऱ्याने आधीच दिलंय.