गेमबॉयवरची पोकेमॉन अदलाबदल: केबल, सेव्ह आणि सेल यांचे अनुभव

पोकेमॉन 'रेड' आणि 'ग्रीन' जपानात २७ फेब्रुवारी १९९६ ला आले. सातोशी ताजिरी यांना गेमबॉयची लिंक केबल पाहून एका यंत्रातून दुसऱ्या यंत्रात किडे सरपटत जातायत असं वाटलं आणि त्यातून हा खेळ सुचला, हे सगळ्यांना माहीत आहे. या धाग्यात हवं आहे ते त्या केबलचं प्रत्यक्ष काम. कुठली केबल चालते, कुठल्या क्रमाने काय करायचं, काय अडतं आणि का. बालपणीच्या आठवणींचे धागे पुष्कळ आहेत, म्हणून इथे कृपया वापरता येईल तेवढंच लिहा. मर्यादा गेमबॉय ते गेमबॉय अॅडव्हान्स.

*

पायरीपासून सुरुवात करतो. 'रेड', 'ब्लू', 'यलो'मध्ये पोकेडेक्स (पोकेमॉनची नोंदवही) मिळाल्याशिवाय केबल क्लब, म्हणजे केबलने जोडायची जागा, उघडत नाही. तो प्रत्येक पोकेमॉन सेंटरमध्ये तळमजल्यावर, उजव्या हाताच्या काउंटरवर असतो. 'गोल्ड', 'सिल्व्हर', 'क्रिस्टल'मध्ये तो वरच्या मजल्यावर गेला आणि ते गूढ अंडं प्रोफेसर एल्मना नेऊन देईपर्यंत बंद राहतो.

दोन्ही यंत्रं बंद असताना केबल जोडा, मग सुरू करा. दोघांनी साधारण एकाच वेळी काउंटरवर बोलायचं. बाई आधी गेम सेव्ह करायला लावते, ते दोघांनीही मान्य करायचं. एकाने सेव्ह करून दुसऱ्याची वाट पाहत बराच वेळ काढला तर जोडणी तुटते आणि पुन्हा पहिल्यापासून सुरू करावं लागतं. मग 'ट्रेड सेंटर' निवडा, खोलीत टेबलाजवळ जाऊन ए दाबा. वर आपले सहा, खाली समोरच्याचे सहा. नावावर ए दाबलं की 'स्टॅट्स' आणि 'ट्रेड' दिसतं. आधी समोरच्याच्या पोकेमॉनचे स्टॅट्स पाहायची सवय लावा. लेव्हल आणि चाली तिथेच कळतात, नंतर वाद होत नाहीत.

नाव ठेवायचं असेल तर देण्याआधी ठेवा. लॅव्हेंडर टाउनमधला नाव बदलणारा गृहस्थ दुसऱ्याकडून आलेल्या पोकेमॉनचं नाव बदलून देत नाही.

*

केबलबद्दल, कारण निम्म्या तक्रारी तिथल्याच असतात.

मूळच्या जाड, राखाडी गेमबॉयचं भोक मोठं. पॉकेट आणि कलरचं लहान. दोन वेगवेगळी यंत्रं जोडायची तर मोठं-लहान टोक असलेली केबल किंवा अॅडॅप्टर लागतो. अॅडव्हान्स आणि एसपीमध्ये कलरची केबल बसते, पण ती फक्त जुने गेमबॉय आणि कलरचे गेम चालवताना उपयोगी. 'रूबी', 'सफायर', 'एमरल्ड', 'फायररेड', 'लीफग्रीन' यांना अॅडव्हान्सचीच केबल हवी. तिच्या टोकाला जास्तीचा उंचवटा असतो, म्हणून ती कलरमध्ये जातच नाही. जोर लावू नका, सॉकेट तुटतं. गेमबॉय मायक्रोचं भोक आणखी निराळं आहे आणि निन्टेन्डो डीएसला केबलचं भोकच नाही.

स्वस्तातल्या केबलमध्ये दोष नेहमी एकच: तारा सरळ जोडलेल्या असतात. कनेक्टरला सहा पिना आहेत. दुसरी पिन डेटा बाहेर पाठवते, तिसरी आत घेते. त्यामुळे एका टोकाची दुसरी पिन समोरच्या टोकाच्या तिसरीला गेली पाहिजे आणि उलटही तसंच. पाचवी, म्हणजे क्लॉक, आणि सहावी, म्हणजे ग्राउंड, या सरळ जातात. मल्टीमीटर कंटिन्युइटीवर लावा, दोन मिनिटांत खात्री होते. दोन आणि तीनची अदलाबदल नसेल तर दोन्ही यंत्रं फक्त बोलत राहतील, ऐकणार कोणीच नाही.

*

वरच्या माहितीला जोडून, ते बोलणं कसं चालतं तेही कळलं तर चुका टळतात. दोघांपैकी एकच यंत्र ताल धरतं, सेकंदाला ८१९२ ठोके, आणि प्रत्येक ठोक्याला एक बिट तिकडे जातो, एक इकडे येतो. म्हणजे पाठवणं आणि घेणं हे वेगळे टप्पे नाहीतच. पहिल्या पिढीत ('रेड', 'ब्लू', 'यलो') संघातला प्रत्येक पोकेमॉन ४४ बाइटचा असतो आणि टेबलावर बसल्या बसल्या सहाच्या सहांची माहिती समोर गेलेली असते. तुम्ही 'ट्रेड' दाबता तेव्हा फक्त कितवा हवा हे ठरतं.

यातली सगळ्यात महत्त्वाची गोष्ट: दोन कार्ट्रिज आपापली सेव्ह स्वतंत्रपणे लिहितात. दोघांवर देखरेख करणारं तिसरं कोणी नाही. एकाने लिहून पूर्ण केलं आणि त्याच वेळी दुसऱ्याची वीज गेली, तर एकच पोकेमॉन दोन्हीकडे दिसू शकतो किंवा दोन्हीकडून जाऊ शकतो. मुद्दाम नक्कल काढणारे याच फटीचा फायदा घेतात, आणि वेळ चुकली की अख्खी सेव्ह गमावतात. म्हणून ट्रेडच्या आधी सेल बदला. जुन्या गेमबॉयला चार डबल ए, कलर आणि अॅडव्हान्सला दोन डबल ए, पॉकेटला दोन ट्रिपल ए. लाल दिवा मंद झालेला असताना ट्रेड करूच नका.

*

ट्रेड मुळात लागतोच कशासाठी? इंग्रजी 'रेड'मध्ये एकान्स, ऑडिश, मँकी, ग्रोलिथ, सायथर, इलेक्टाबझ मिळतात. 'ब्लू'मध्ये सँडश्रू, वलपिक्स, मियाऊथ, बेलस्प्राउट, मॅगमार, पिनसर. शिवाय कडाब्रा, मचोक, ग्रॅव्हलर आणि हॉन्टर हे चौघे ट्रेड झाल्यावरच पुढच्या रूपात जातात.

दुसऱ्या पिढीत ('गोल्ड', 'सिल्व्हर', 'क्रिस्टल') वस्तू हातात देऊन पाठवायचे आले. ऑनिक्स आणि सायथरला मेटल कोट, पोलिव्हर्ल आणि स्लोपोकला किंग्ज रॉक, सीड्राला ड्रॅगन स्केल, पोरिगॉनला अप-ग्रेड. वस्तू पिशवीत असून उपयोग नाही, पोकेमॉनच्या हातात हवी, आणि बदल झाला की ती खर्ची पडते. नुसता फिरवून परत घ्यायचा असेल आणि रूप बदलायला नको असेल तर एव्हरस्टोन द्या.

मोठ्या लेव्हलचा पोकेमॉन नवख्याला देताना त्याचे बॅज (जिमचे प्रमुख हरवून मिळणारी पदकं) मोजा. पहिल्या पिढीत कॅस्केड बॅजवर लेव्हल ३०, रेनबोवर ५०, मार्शवर ७० पर्यंतचे आलेले पोकेमॉन ऐकतात. अर्थ बॅज मिळाला की सगळे. बदल्यात अनुभवाचे गुण दीडपट मिळतात.

*

टाइम कॅप्सूल, म्हणजे पहिली आणि दुसरी पिढी यांच्यातला पूल. गेममधल्या एक्रूटीक शहरात बिल हे पात्र भेटल्यावर तो मार्ग खुला होतो. मागे पाठवताना संघात दुसऱ्या पिढीचा एकही पोकेमॉन नको, एकही नवी चाल नको, कोणाच्या हातात पत्र नको. एक जरी निघाला तरी काउंटरवरच अडवतात, त्यामुळे संघ आधीच तपासून घ्या.

पुढे आणताना एक सुंदर गोष्ट घडते. पहिल्या पिढीच्या नोंदीत पकडण्याच्या अवघडपणाचा एक बाइट आहे. दुसऱ्या पिढीने त्याच जागी हातातली वस्तू ठेवली. त्यामुळे 'यलो'मधला सोबतीचा पिकाचू पुढे येतो तो लाइट बॉल ही वस्तू हातात घेऊन.

*

जपानी कार्ट्रिज आणि इंग्रजी कार्ट्रिज पहिल्या दोन पिढ्यांत एकमेकांना जोडू नका. नावांची लांबी वेगळी, म्हणून माहितीचे तुकडे सरकतात आणि सेव्ह बिघडते. तिसऱ्या पिढीत ('रूबी', 'सफायर', 'एमरल्ड', 'फायररेड', 'लीफग्रीन') ही अडचण नाही.

*

आता सेल. पहिल्या दोन पिढ्यांत सेव्ह कार्ट्रिजमधल्या ३ व्होल्टच्या बटण सेलवर टिकलेली असते. 'गोल्ड', 'सिल्व्हर', 'क्रिस्टल'मध्ये त्याच सेलवर घड्याळही चालतं, म्हणून ते आधी मरतात. सेल काढला की सेव्ह गेली. तेव्हा सेल बदलण्याआधी पोकेमॉन बाहेर काढायचे, आणि यूएसबी कार्ट्रिज रीडर नसेल तर बाहेर पडायची वाट फक्त केबलची.

ट्रेड एकास एक होतो, म्हणून दुसऱ्या कार्ट्रिजमध्ये आधी सहा पिजी, म्हणजे साधे पोकेमॉन, पकडून ठेवा. सहाच्या बदल्यात सहा, मग दोघांनी बाहेर येऊन बॉक्समध्ये (गेममधल्या साठवणीच्या जागेत) ठेवायचे, पुढचे सहा काढायचे. पहिल्या पिढीत २० जागांचे १२ बॉक्स, दुसरीत १४. भरलेल्या बॉक्समध्ये ठेवता येत नाही, आधी बॉक्स बदला.

इथे एक गोष्ट लोक विसरतात. नवा सेल घालून गेम पुन्हा सुरू केला की ट्रेनरचा क्रमांक नवा पडतो. तुमचाच जुना पोकेमॉन परत आणला तरी गेमच्या दृष्टीने तो परक्याचा आहे, आणि बॅज नसतील तर ऐकणार नाही. रीडरने सेव्ह उतरवून परत चढवली तर हे होत नाही. पंधरा पोकेमॉनसाठी केबल ठीक, दोनशेसाठी रीडरच घ्यावा असं माझं स्पष्ट मत आहे.

कार्ट्रिजचा स्क्रू ३.८ मिलिमीटरच्या गेमबिटने, म्हणजे खास स्क्रूड्रायव्हरच्या टोकाने, उघडतो. सेलवरचा क्रमांक वाचूनच नवा आणा, आणि पत्र्याच्या पट्ट्या आधीच वेल्ड केलेला घ्या. मुंबईत लॅमिंग्टन रोड, पुण्यात पासोड्या विठोबाजवळच्या इलेक्ट्रॉनिक्सच्या दुकानांत विचारावं. साध्या सेलला थेट डाख देऊ नका, उष्णतेने तो फुगतो. चिकटपट्टीने दाबून बसवलेला सेलही नको. कार्ट्रिज हातातून टेबलावर पडलं की संपर्क तुटतो आणि सगळं पुसलं जातं.

*

तिसऱ्या पिढीचं थोडक्यात. अॅडव्हान्सच्या केबलचं जांभळं टोक ज्याच्याकडे तो पहिला खेळाडू, पुढे जायचं बटण त्यानेच दाबायचं. वायरलेस अॅडॅप्टर 'फायररेड', 'लीफग्रीन' आणि 'एमरल्ड'मध्येच चालतो, 'रूबी', 'सफायर'ला केबलच.

'फायररेड' किंवा 'लीफग्रीन' होएनच्या गेमशी ('रूबी', 'सफायर', 'एमरल्ड') जोडायचा तर एलिट फोर या शेवटच्या चौघांना हरवून, ६० जातींचे पोकेमॉन जमवून नॅशनल डेक्स (वाढीव पोकेडेक्स) घ्यावा लागतो. मग रूबी आणि सफायर ही दोन रत्नं शोधून वन आयलंडवर सेलिओला द्यायची. 'एमरल्ड'लाही नॅशनल डेक्स हवा.

दुसऱ्या पिढीतून तिसरीत यायला मार्ग नाही. नोंदीची रचनाच बदलली. तिसरीतून चौथीत, म्हणजे डीएसवरच्या गेममध्ये, पाल पार्क या सोयीने जाता येतं, एका वेळी सहा, आणि परत येता येत नाही. त्यासाठी अॅडव्हान्सचा खाचा असलेला डीएस किंवा डीएस लाइट लागतो, दोन्ही गेमची भाषा एक असावी लागते, आणि सर्फ, फ्लाय यांसारख्या एचएम चाली येणारा पोकेमॉन अडतो. त्या चाली लिलीकोव्ह किंवा फ्यूशिया शहरातल्या चाल विसरवणाऱ्याकडून आधीच काढून घ्या.

*

नकली कार्ट्रिजांविषयी. आपल्याकडच्या बाजारात अॅडव्हान्सचे नकली पोकेमॉन गेम फार आहेत. संपर्कपट्टीच्या वर बोर्डावर निन्टेन्डो हे नाव छापलेलं दिसतं का आणि पुढच्या स्टिकरवर दाबून उमटवलेला दोन आकडी क्रमांक आहे का, हे पाहा. सुरू करताना एक मेगाबिटचा उपबोर्ड बसवलेला नाही असा संदेश आला तर नकलीच समजा. यातल्या काहींवर ट्रेड नीट होतो, पण सेव्ह पुढच्या वेळी उघडत नाही, म्हणजे समोरच्याचा पोकेमॉन कायमचा गेला. अनोळखी कार्ट्रिजशी पहिला ट्रेड रटाटासारखा साधा पोकेमॉन देऊन करा. मग दोघांनी यंत्र बंद करून परत सुरू करा आणि रटाटा जागेवर आहे का ते बघूनच पुढचा.

जोडणी अधूनमधून तुटत असेल तर केबल फेकण्याआधी सॉकेट पुसा. कापसाच्या काडीला ९९ टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोल, दोन थेंब, आणि पाच मिनिटं वाळू द्या. फुंकर मारू नका, थुंकीच्या ओलाव्याने पिना गंजतात.