मोटारीच्या स्मार्ट स्विचचे फर्मवेअर अपडेट करताना लाईट गेली तर?

यावलकर
नमस्कार. यावलच्या आमच्या घरी गच्चीवरची टाकी भरणाऱ्या मोटारीला वाय-फायवर चालणारा स्मार्ट स्विच बसवलेला आहे. घरी आई-वडील दोघेच असतात आणि मी नोकरीनिमित्त नाशिकला असल्यामुळे मोटार बहुतेक वेळा मोबाईलवरून मीच चालू-बंद करतो. सध्या ॲपमध्ये नवीन फर्मवेअर (स्विचच्या आत चालणारे सॉफ्टवेअर) उपलब्ध असल्याची सूचना येते. ती उघडली की ‘मुख्य मॉड्यूल’ आणि ‘एमसीयू मॉड्यूल’ अशा दोन ओळी दिसतात आणि अपडेट चालू असताना वीजपुरवठा बंद करू नये, अशी ताकीद खाली दिलेली असते. अडचण नेमकी तिथेच आहे. वळवाच्या पावसाचे दिवस आहेत. वारा सुटला की लाईट जाते आणि केव्हा येईल याचा भरवसा नसतो. अपडेट अर्धवट राहिले तर स्विच कायमचा निकामी होतो का? आणि तो आज व्यवस्थित चालत असताना अपडेट करणे आवश्यक आहे का?

भुसावळ दुरुस्ती
ते स्विचच्या आतील मेमरीच्या रचनेवर अवलंबून आहे. काही उपकरणांत फर्मवेअरसाठी दोन स्वतंत्र कप्पे असतात. नवीन आवृत्ती रिकाम्या कप्प्यात उतरते, तिची पडताळणी होते आणि त्यानंतरच कोणत्या कप्प्यातून सुरू व्हायचे ही नोंद बदलली जाते, त्यामुळे मध्येच वीज गेली तरी जुनी आवृत्ती जागच्या जागी शाबूत राहते. ईएसपी३२ या वाय-फाय चिपमध्ये अशी सोय करता येते. ईएसपी८२६६ चिपच्या अनेक स्वस्त स्विचमध्ये मात्र जेमतेम १ एमबी मेमरी असते. तिथे नवीन आवृत्ती जुनीवरच लिहावी लागत असेल, तर त्या लिहिण्याच्या काही सेकंदांत वीज जाणे घातक ठरते.

तुमच्या ॲपमधील दुसरी ओळ अधिक जपण्यासारखी आहे. एमसीयू म्हणजे बटण आणि रिले (वीज जोडणारा-तोडणारा आतील भाग) सांभाळणारी वेगळी चिप. तिच्यात दुसरा कप्पा असेलच असे नाही. म्हणून आधी मुख्य मॉड्यूल अपडेट करावे, स्विच पुन्हा ऑनलाईन आल्याची खात्री करावी आणि मगच एमसीयूला हात लावावा.

जळगाव वायरमन
माझा आग्रह वेगळ्या गोष्टीसाठी आहे. अपडेटनंतर स्विच रीस्टार्ट होतो आणि त्या वेळी रिले कोणत्या स्थितीत येईल हे सेटिंगवर ठरते. वीज परत आल्यावर ‘बंद’ राहण्याचा पर्याय आधी निवडावा. नाहीतर विहिरीत पाणी नसताना मोटार कोरडी फिरेल आणि घरात ते कोणाच्या लक्षातही येणार नाही. तसेच स्विच मोटारीचा भार थेट पेलत असेल तर मध्ये कॉन्टॅक्टर (स्विचच्या इशाऱ्यावर मोटारीचा मोठा करंट जोडणारे-तोडणारे उपकरण) बसवून घ्यावा, कारण सुरू होताना मोटार नेहमीच्या कित्येक पट करंट ओढते.

धुळे नेटवर्क
आवश्यकतेबद्दल लिहितो. ‘चालते आहे तर कशाला हात लावायचा’ हे मत आपल्याकडे फार ऐकू येते, पण मला ते पटत नाही. २०१६ साली मिराई नावाच्या मालवेअरने (घातक सॉफ्टवेअरने) कारखान्यातून आलेले पासवर्ड तसेच ठेवलेले कॅमेरे आणि राउटर मोठ्या संख्येने ताब्यात घेतले होते. २०१७ साली वाय-फाय सुरक्षित ठेवणाऱ्या डब्ल्यूपीए२ पद्धतीतील त्रुटी उघड झाली आणि तिच्यावरचा उपाय अपडेटमधूनच मिळाला. शिवाय सर्व्हरची ओळख पटवणाऱ्या प्रमाणपत्रांनाही मुदत असते. ३० सप्टेंबर २०२१ रोजी असे एक महत्त्वाचे मूळ प्रमाणपत्र संपले, तेव्हा अपडेट न मिळालेली अनेक जुनी उपकरणे काही सेवांशी जोडली जाईनात. म्हणून अपडेट करावेच, फक्त वेळ निवडून.

यावलकर
सर्वांचे मनःपूर्वक आभार. राउटर इन्व्हर्टरवर आहे, स्विच मात्र थेट लाईनवर आहे. अपडेटपुरता स्विचही इन्व्हर्टरवर घेता येईल का?

जळगाव वायरमन
घेता येईल, पण मोटार पूर्ण वेगळी करूनच. आधी मेन बंद करून, स्विचची फेज आणि न्यूट्रल दोन्ही इन्व्हर्टरच्या लाईनवर वायरमनकडूनच जोडून घ्यावीत. मोटारीची तार सुटी करून तिची टोके झाकून ठेवावीत. काकांना हे काम स्वतः करायला सांगू नका. तुम्ही घरी असाल अशा एखाद्या सकाळी, वारा पडलेला असताना करा, म्हणजे स्विच ऑनलाईन आलाच नाही तर मोटार हाताने चालवण्याची सोय त्याच दिवशी करून देता येईल.