मदत हवी आहे : 'त्लालोकान'ला मराठीत काय म्हणावं?

मंडळी, मेक्सिकोतल्या जुन्या अझ्टेक लोकांच्या पुराणकथांमधल्या ठिकाणांचा मराठी तक्ता करायला घेतलाय. चिकोमोस्तोक म्हणजे सात गुहा, ते सरळ आहे. अडलंय ते त्लालोकानपाशी.

पर्जन्यदेव त्लालोकचं हे सदाहिरवं ठिकाण. हिरवी कणसं, भोपळे, टोमॅटो, मिरच्या, राजगिरा, काही संपत नाही. पण 'स्वर्ग' लिहिलं की वाचक पुण्याचा हिशेब शोधतो. इथे प्रवेश मिळतो तो मरण कसं आलं यावर : बुडून, वीज पडून, जलोदराने किंवा काही त्वचारोगांनी. या मृतांना जाळत नसत, पुरत. उरलेले बहुतेक मिक्त्लानला, म्हणजे मृतांच्या पाताळात जात, चार वर्षांची खडतर वाट तुडवत. म्हणून तिथेही 'नरक' चुकतो, तिथे शिक्षा नाही.

दुसरी अडचण लिपीची. देवनागरीत 'त्लालोक' दिसलं की डोळा 'त्ला-लोक' असा तोडतो आणि परलोकासारखं ठिकाणच समजतो. खरं तर ते देवाचं नाव. स्थळ सांगतो तो '-कान' प्रत्यय. 'त्लालोकलोक' तर वाचवत नाही.

'त्लालोकस्थान' चालेल का? की मूळ नाव ठेवून शेजारी 'पर्जन्यदेवाचं ठिकाण' लिहू? भाषांतर करणाऱ्यांनी कारणासह सांगावं, प्लीज.