‘बोटस्वेन’ लिहायचं आणि ‘बोसन’ म्हणायचं, हा हट्ट योग्य आहे का?

शब्दवेल्हाळ
माझ्या मते योग्यच आहे. इंग्रजीतल्या विरळ शब्दांचा उच्चार स्पेलिंगवरून ठरवू नये. डेकवरच्या खलाशांचा मुकादम कागदावर ‘बोटस्वेन’ दिसतो, पण त्याला म्हणतात ‘बोसन’. होडीच्या कडेची वरची पट्टी लिहितात ‘गनवेल’, म्हणतात ‘गनल’. अन्नसामग्रीचा जुना शब्द ‘व्हिक्च्युअल्स’ वाटतो, तो आहे ‘व्हिटल्स’. त्यातला ‘सी’ तर लॅटिनच्या प्रेमापोटी विद्वानांनी मागाहून घुसवलाय. बोलणाऱ्यांनी पिढ्यानपिढ्या जपलेला उच्चार आपण वाचणाऱ्यांनी का मोडायचा?

पानवाचक
असहमत. कपाळाला इंग्रज एकेकाळी ‘फॉरिड’ म्हणत, आता सर्रास ‘फोरहेड’ म्हणतात. ‘वेस्किट’चं ‘वेस्टकोट’ झालं. स्पेलिंग बघून उच्चार बदलणारे हे लोक मूळ इंग्रजी बोलणारेच होते ना? त्यांनी केलं तर भाषेचा प्रवाह आणि आपल्या पोरांनी केलं तर चूक, हा न्याय मला मान्य नाही.

शब्दवेल्हाळ
फोरहेड रोजच्या वापरातला शब्द, तो असंख्य लोकांनी मिळून बदलला. ‘गनल’ वापरणारे मूठभर, आणि ते अजून ‘गनल’च म्हणतात. शिवाय स्पेलिंगला एवढं प्रमाण मानताय, पण ‘आयलंड’मधला ‘एस’ बघा. जुन्या इंग्रजीत तो नव्हताच, लॅटिनशी नसलेलं नातं जोडून नंतर चिकटवला.

दर्याकिनारी
जहाजावर आजही ‘बोसन’च ऐकू येतं. भारतीय खलाशांच्या ताफ्यात याच हुद्द्याला सारंग म्हणत, कोकणात ते आडनावही आहे. आणि एक गोष्ट दोघांच्याही बोलण्यातून सुटली. आता कोशांत बी-ओ-एस-यू-एन हे स्पेलिंगही दिलेलं असतं. म्हणजे इथे उच्चार जागचा हलला नाही, स्पेलिंगच त्याच्याकडे आलं.

पानवाचक
हे मान्य. पण ‘कर्नल’ घ्या. इंग्रजीत ‘आर’चं आणि ‘एल’चं अशी दोन्ही रूपं आली, स्पेलिंग ‘एल’चं टिकलं, उच्चार ‘आर’चा. आपल्याकडे तो कोणी चुकत नाही, कारण तो कानावर पडतो. ‘गनल’ सोलापूरच्या पोराच्या कानावर कुठे पडणार? डॅनियल जोन्स यांचा उच्चारकोश १९१७ सालचा आहे, तसा कोश शाळेच्या वाचनालयात ठेवा, तो बघायला शिकवा. तोवर वर्गात ‘गनवेल’ वाचणाऱ्याला हसू नका, एवढंच माझं म्हणणं आहे.

शब्दवेल्हाळ
हसू नये, शंभर टक्के. पण दुरुस्त करावं, तिथल्या तिथे.